एकोणिसाव्या सेकंदाला

१

जुनी फिल्म हुडकून द्यायची, हा सुधाकररावाचा धंदा. वांकिडीच्या बसस्टँडसमोर ‘मालन फोटो स्टुडिओ’ अशी पाटी असलेली एक खोली आहे, तिथून त्याचा कारभार चाले. हैदराबादच्या चॅनलला निजामाच्या अमदानीतला बाजार दाखवायचा असो, की कुणा माहितीपटवाल्याला बेल्लमपल्लीच्या खाणीवरची पाळी सुटताना पाहिजे असो, फोन यायचा तो सुधाकररावाला. मग हा गडी साठीला टेकलेला, गुडघ्यात कळ, तरी बस धरून निघायचा. बंद पडलेल्या टॉकीजचे माळे, मेलेल्या ऑपरेटरांच्या पेट्या, कचेऱ्यांचे अडगळीचे कोपरे. उंदरांनी सोडलेलं जे काही हाती लागेल ते पोत्यात भरून आणायचा.

लोक हसायचे. “भंगार काऊन जमा करून राह्यले, सुधाकरभाऊ?”

“भंगार नाई बाप्पा,” तो म्हणायचा, “लोकं हायेत त्यात.”

आणि लोकांचं म्हणाल तर त्याचा एक नेम होता. रीळ हाती आलं की आधी तो यादी करायचा. कितव्या सेकंदाला काय दिसतं, कुठली जागा, किती माणसं, कोण माणसं. चेहऱ्यांचे फोटो छापून गावोगावच्या म्हाताऱ्यांना दाखवायचा आणि नावं विचारायचा. बाकीचे धंदेवाले ‘बाजारातली गर्दी’ एवढं लिहून मोकळे होत. सुधाकररावाला ते पटत नसे. नाव लागल्याशिवाय फिल्म दाराबाहेर जायची नाही, म्हणजे नाही.

पण दिव्याखाली अंधार म्हणतात ना, तो असा. या माणसानं चारशेवर लग्नं शूट केली. नवरदेवाच्या मामाची मावशीसुद्धा त्याच्या टेपमध्ये सापडेल. सापडायची नाही ती मालनबाई, जिचं नाव पाटीवर आहे ती, त्याची बायको. लग्नातला एक फोटो आहे, त्यात मान खाली. आधारकार्डावर एक आहे, त्यात तर कुणीच आपल्यासारखं दिसत नाही. चालतीबोलती मालन दोन सेकंदसुद्धा कुठं नाही. ती नेहमी त्याच्या मागं उभी असायची, वायरी सांभाळत. दोन वर्षांमागं ती गेली, आणि मग त्यानं सगळ्या टेपा पालथ्या घातल्या, तेव्हा हे त्याच्या ध्यानात आलं. वेळ निघून गेल्यावर अक्कल येते, ती अशी.

दोन हजार सोळा साली दसऱ्याला आदिलाबाद जिल्ह्याचे चार जिल्हे झाले. वांकिडीची माणसं झोपली आदिलाबादात आणि उठली आसिफाबादात. लगेच हैदराबादहून पद्मजा मॅडमचा फोन. त्यांच्या चॅनलला या मुलखाची जुनी वाटणी दाखवायची होती. छप्पन साली भाषेवर राज्यं पाडली, राजुरा तिकडं मराठी मुलखात गेलं, वांकिडी इकडं तेलुगू राज्यात राहिली, त्या वेळचं काही आहे का? सुधाकररावाला बेल्लमपल्लीतला एक डबा आठवला. सरकारी प्रचाराच्या गाडीवरचा ऑपरेटर होता डोमाजी, तो वारल्यावर त्याच्या सुनेनं दिलेला. डबा उघडला तर आंबूस वास भपकन आला. फिल्म सडायला लागली की तसा येतो.

रीळ प्रोजेक्टरवर चढवून त्यानं भिंतीवर पाडलं आणि तिथून कॅमेऱ्यात उतरवून घेतलं. आवाज नाही, नुसतं चित्र. राजुऱ्याची कच्ची वाट, वाटेच्या कडेला नुकताच रोवलेला सरहद्दीचा दगड. दगडाला हात लावून पाच-सहा वर्षांची एक पोर. एक बाई, पाठमोरी, डोक्यावर गाठोडं, वाटेनं दूर चालत जाते. यादीत त्यानं लिहिलं: ‘बाई मागं न पाहता चालते. एकोणिसाव्या सेकंदाला चौकटीबाहेर. पोर जागची हलत नाही. नावं विचारणे.’ आणि एक कॉपी पद्मजा मॅडमला पाठवून दिली, नावं मागाहून कळवतो म्हणून. नेम मोडला तो इथं. चॅनलची घाई होती, दुसरं काय.

२

नाव सांगितलं रेणुकाबाईनं. बाजाराच्या तोंडाशी भाजी घेऊन बसणारी बाई, वय सहासष्ट. सुधाकररावानं छापलेला फोटो पुढं केला तेव्हा ती मेथीची जुडी बांधत होती. दोरा तसाच हातात राहिला.

“हे तं मी हाय,” ती म्हणाली. मग दुसरं बोट पाठमोऱ्या बाईवर ठेवलं. “अन् हे मायी माय. जयवंता.”

“खरंच, अक्का?”

“मायच्या पाठीले कोनी भुलते काय, भाऊ? म्या तं तिची पाठच पाह्यली.”

दुसऱ्या दिवशी ती स्टुडिओत आली. दारातून आत आलं की उजवीकडं गिऱ्हाइकांसाठी बाकडं, आणि समोरच्या भिंतीला लागून कॉम्प्युटरचं टेबल. टेबलाशी बसलं की दार पाठीमागं येतं. सुधाकररावानं तिला शेजारी खुर्ची दिली आणि फिल्म लावली. तिनं श्वास रोखून पाहिली. बाई चौकटीबाहेर गेली तेव्हा तिच्या तोंडून हळूच निघालं, “माय.”

मग तिनं सांगितलं. जयवंताचं माहेर राजुऱ्याकडं. बाप आजारी म्हणून ती निघाली, तिसऱ्या दिवशी परत येणार होती. वेशीबाहेर सरकारी गाडी उभी, टोपीवाला एक माणूस यंत्र लावून बसलेला. तो म्हणाला, बाई, इकडं पाहू नका, सरळ समोर पाहून चाला, फोटो खराब होतो.

“माय निंघाली, अन् म्या मांगून हाक मारली. पोरगी होतो मी, मले काय समजे? निंघाल्या मानसाले मांगून हाक मारू नये.”

हा रिवाज सगळ्यांनाच ठाऊक. आणि चुकून हाक गेलीच, तर त्याला उपायही ठाऊक. गेलेल्यानं मागं फिरायचं, घडीभर पाटावर टेकायचं, घोटभर पाणी प्यायचं, मग पुन्हा निघायचं. तेवढ्यानं दोष जातो.

“तिनं आयकलं होतं, भाऊ. तिची मान अशी हालली होती. पन टोपीवाल्यानं सांगतलं होतं ना, मांगं पाहू नका. सरकारी मानूस. ते बिचारी तशीच चालत गेली.”

“मंग?”

“मंग काई नाई. माहेरी पोचलीच नाई ते. कोनी म्हने वाघ, कोनी म्हने काय. त्या वाटंवर कोनाले दिसलीच नाई.” रेणुकाबाईनं पदरानं नाक पुसलं. “साठ वर्सं झाले. रोज वाटते, म्या हाक नसती मारली तं? नाईतर ते फिरली असती तं?”

सुधाकररावाचं दुखणंही तेच होतं. मालन दवाखान्यात निघाली त्या सकाळी ऑटोत बसायला दारातून उतरली. हातात तिनंच विणलेली वायरची पिशवी, हिरवी-पांढरी. हिरवी वायर संपली म्हणून शेवटची एक ओळ लाल घातली होती, आणि त्यावरून तो तिला चिडवायचा. ती चार पावलं गेली आणि हा मागून ओरडला, “अवं, कपाटाची चावी कुठं ठेवली?” तिनं मागं न पाहता नुसता हात हलवला. घाई होती. ऑटो गेला. परत आली ती बोलणारी नव्हती. चावी आजतागायत सापडली नाही, आणि कपाट त्यानं फोडू दिलं नाही. तिची लुगडी आत तशीच आहेत.

“पाहाले परत येऊ काय मी?” रेणुकाबाईनं विचारलं.

“या ना अक्का. तुमचीच माय हाय.”

३

ती रोज दुपारी येऊ लागली. भाजीची पाटी बाजूवालीच्या हवाली करायची, यायचं, एकदा पाहायचं, “माय” म्हणायचं आणि जायचं. चार दिवस झाले.

पाचव्या दिवशी ती गेल्यावर सुधाकरराव यादी नीट लिहायला बसला. आता नावं लागली होती. फिल्म लावली, डोळा घड्याळावर. सतरा. अठरा. एकोणीस.

जयवंता चौकटीतच होती.

वीस, एकवीस, बावीस. तेविसाव्या सेकंदाला ती बाहेर गेली. त्यानं यादी पाहिली. स्वतःच्या अक्षरात एकोणीस. आपलीच चूक, दुसरं काय, म्हणून त्यानं खोडून तेवीस केलं. जुनी फिल्म, तिचा वेग कमीजास्त होतो. प्रोजेक्टरचा पट्टा ढिला असेल. धंद्यातला माणूस, त्याला शंभर कारणं सुचली.

पण फाइल एकदा उतरली की उतरली, तिला कुठला पट्टा? हे त्याला चहा पिता पिता सुचलं, आणि चहा गोड लागेना.

दुसऱ्या दिवशी सत्तावीस सेकंद. आणि तिची चाल बदलली होती. पाय उचलायची ती जड जड, कान मागं असल्यासारखी. त्यानं फाइल बाजूला ठेवली आणि मूळ रीळ काढलं. खिडकीच्या उजेडात फिल्म धरून एकेक चौकट बोटानं मोजत गेला. एकोणीस सेकंदांच्या साडेचारशेच्या वर चौकटी होतात. सहाशेपर्यंत मोजून तो थांबला, कारण सहाशेव्या चौकटीतही ती चिमुकली पाठ तिथंच होती. एवढीशी, नखाएवढी. डब्यातलं रीळ लांब होत नसतं. हे तर लहान पोरालाही कळतं.

त्यानं हैदराबादला फोन लावला.

“मॅडम, वो पत्थरवाला शॉट कितने सेकंड का है आपके पास?”

“उन्नीस, सर. औरत बाहर जाती है, खतम. क्यों?”

“कुछ नहीं. लिस्ट मिला रहा था.”

फोन ठेवून त्यानं रीळ डब्यात बंद केलं. मन चिंती ते वैरी न चिंती. त्यानं ठरवलं, रेणुकाबाईला आता दाखवायचं नाही. मशीन बिघडलं म्हणून सांगायचं.

पण त्या दुपारी ती दारात उभी राहिली आणि तिच्या तोंडाकडं पाहून त्याला खोटं बोलवेना. साठ वर्षांची उपाशी नजर ती. त्यानं लावून दिली. रेणुकाबाई खुर्चीत पुढं झुकली आणि तिच्याही ध्यानात आलं. ती घाबरली नाही, उलट तिचं तोंड उजळलं.

“भाऊ, थांबून राह्यली ते,” ती म्हणाली. “हाक आयकली तिनं.”

“अक्का, मशीनमंदी काई तरी...”

“तुमी काई बोलू नका. उद्या मी पाट आनतो.”

४

बाजाराचा दिवस होता. बाहेर कापसाच्या गाड्या, कांदेवाल्यांची तेलुगूत ओरड, बसचे हॉर्न, नुसता कल्लोळ. भर दुपारचं कडक ऊन. अशा वेळी माणसाला कशाचीच भीती वाटू नये.

रेणुकाबाई न्हाऊन आली होती. काखेत सागाचा पाट, हातात तांब्या-फुलपात्र. दाराच्या आत, उंबऱ्याशी, तिनं पाट मांडला आणि शेजारी तांब्या ठेवला. चपला दाराबाहेर काढल्या. मग खुर्चीवर न बसता मागं बाकड्यावरच बसली, पाटाजवळ.

“लावा, भाऊ.”

“अक्का, आयका माझं. घरी जा. तुमचा लेक चंपत हाय, नातवंडं हायेत.”

“हायेत तं. त्याईले काय कमी हाय? लावा.”

सुधाकररावानं लावली. वाट, दगड, पोर, पाठमोरी जयवंता. दहा सेकंद गेले, पंधरा गेले. मागून रेणुकाबाईचा आवाज आला, आणि तो म्हाताऱ्या बाईचा नव्हता. तो पोरीचा होता, अगदी सहा वर्षांच्या.

“माय वो! मांगं फीर! घडीभर बस, पानी पी, मंग जाय!”

एकोणिसाव्या सेकंदाला जयवंता थांबली. डोक्यावरचं गाठोडं तिनं दोन्ही हातांनी सावरलं. खांदा हलला. ती वळू लागली, आणि सुधाकररावानं डोळे मिटले. जन्मभर ज्यानं दुसऱ्यांकडं टक लावून पाहण्याचा धंदा केला, त्याला ते तोंड पाहवलं नाही.

डोळे उघडले तेव्हा पडद्यावर वाट होती, गवत हलत होतं, दगडाजवळ पोर होती. बाई नव्हती.

बाहेरचा बाजार बंद पडला होता. म्हणजे तसं होत नाही, बाजार बंद पडत नाही. पण त्याच्या कानांना काही ऐकू येईना. ऐकू आलं ते एवढंच, की मागं पाट जमिनीवर घासला. मग फुलपात्रात पाणी पडलं. मग कुणीतरी पाणी प्यायलं, फार लांबून चालत आलेलं माणूस पितं तसं, मधे मधे दम घेत.

पडद्यावर एका झाडाची काळी सावली होती. तिच्यात मागचं दार आरशातल्यासारखं पुसट दिसत होतं. दारात एका लुगड्याचा घोळ, मातीनं भरलेला. त्याच्या वरचं त्यानं पाहिलं नाही. मान ताठ धरून बसला, टेबलाची कड गच्च पकडून. देवा, मागं पाहायला लावू नको, एवढंच त्याच्या मनात.

“किती गार झाले वो तुये हात,” रेणुकाबाई म्हणाली. रडत होती की हसत, ते कळेना. “मी बी येतो. आता नाई राहत मी येथं.”

मग कांदेवाला ओरडला. बसचा हॉर्न वाजला. सुधाकररावानं किती वेळानं मागं पाहिलं कोण जाणे. बाकडं रिकामं होतं. फुलपात्र पाटावर उपडं ठेवलेलं, तांब्या अर्धा. दाराबाहेर रेणुकाबाईच्या चपला तशाच, एकीचा अंगठा शिवलेला.

५

शोध झाला. गाव फिरलं, पोलीस आले, विहिरी पाहिल्या. कापसाच्या गाडीवरचा एक जण म्हणाला, दुपारी राजुऱ्याच्या वाटेनं दोन बाया जाताना दिसल्या, हात धरून, अनवाणी. कोण होत्या? पाठमोऱ्या होत्या, म्हणाला, तोंड दिसलं नाही.

चंपतराव, रेणुकाबाईचा लेक, स्टुडिओत येऊन बाकड्यावर बसला. पन्नाशीचा बाप्या, पोरासारखा रडला. “शेवटी तुमच्यापाशीच होती ना, भाऊ? काई बोलली काय? मायं नाव घेतलं काय?”

सुधाकरराव म्हणाला, “घेतलं.” खोटं बोलला. दुसरं काय करणार होता तो? चंपतरावानं आईच्या चपला छातीशी धरून नेल्या. पाट आणि तांब्या न्यायला त्याचा हात धजला नाही. ते तिथंच राहिले, दाराशी.

आठ दिवस सुधाकररावानं कॉम्प्युटर उघडला नाही. मग पद्मजा मॅडमचा फोन आला.

“सर, आपकी लिस्ट में लिखा है, पत्थर के पास बच्ची. बच्ची तो नहीं है. सिर्फ पत्थर है.”

त्यानं फोन दुसऱ्या कानाला लावला.

“और वो औरत भी गठरीवाली नहीं है, सर. इसके हाथ में प्लास्टिक की थैली है, वो वायरवाली, हरी-सफेद. छप्पन में ये कहाँ थी? लोग बोलेंगे नकली है. ये है कौन? नाम नहीं लिखा आपने.”

काळ्या-पांढऱ्या फिल्ममध्ये तिला हिरवं कुठून दिसलं, हे विचारायची त्याची छाती झाली नाही. “देखता हूँ,” म्हणून त्यानं फोन ठेवला. मग उठून रीळ काढलं, आंबूस डबा उघडला, फिल्म खिडकीशी धरली. नखाएवढी बाई, पाठमोरी. हातात पिशवी. पिशवीच्या काठाला, करड्या फिल्मवर, केसाएवढी लाल रेघ.

तो मटकन खाली बसला आणि रडला. दोन वर्षांत रडला नव्हता इतका. चारशे लग्नांत नव्हती ती इथं होती, चालती. एकोणीस सेकंद.

आता तुम्ही म्हणाल, त्यानं हाक मारली असेल. नाही मारली. ओठांपर्यंत आली आणि गिळली, कारण त्याला मनकर्णा होती. एकुलती लेक, बासरला विद्यापीठात कारकून. रोज संध्याकाळी तिचा फोन, “बाबा, जेवले काय?” आई गेल्यावर पोरीनं बापाला जपलं होतं. आपण गेलो की ती चंपतरावासारखी कुणाच्या तरी बाकड्यावर बसून विचारत बसेल, माझं नाव घेतलं काय. ते नको. आणि हाक मारल्यावर जे येतं ते पाणी पिऊन एकटं परत जात नाही, हे त्यानं पाहिलं होतं. म्हणजे पाहिलं नव्हतं, ऐकलं होतं, आणि मागं पाहिलं नव्हतं म्हणूनच तो इथं राहिला होता.

म्हणून तो रोज दुपारी नुसता बघायचा. तोंड मिटून. एकोणीस सेकंद मालन चालत जायची, मागं न पाहता, त्या ऑटोकडं निघाली होती तशी. संपलं की पुन्हा लावायचा. यादीत नाव मात्र लिहिलं: ‘मालन, सुधाकररावाची मंडळी.’ त्याचा नेम होता तो. तांब्या रोज सकाळी घासून भरून ठेवायचा. गिऱ्हाइकांसाठी, असं स्वतःला सांगायचा. गिऱ्हाईक कुठलं आलंय.

संक्रांतीला चार दिवस होते. दुपारी तो असाच बसला होता. मालन चालत होती, बारा, तेरा, चौदा. मागं दारात बॅग टेकल्याचा आवाज झाला. बाबाला चकित करावं म्हणून मनकर्णा न कळवता आली होती. सुधाकरराव वळायच्या आत ती टेबलापाशी येऊन उभी राहिली, पडद्याकडं पाहिलं, आणि तिच्या काळजातून निघालं ते कुणाला थांबवता आलं असतं?

“आई!”

एकोणिसाव्या सेकंदाला मालन थांबली. पिशवी या हातातून त्या हातात घेतली.

“बाबा, हे आई हाय ना? कवा काढली? आई! आई वं!”

सुधाकररावानं लेकीचं मनगट धरून तिला ओढून जवळ घेतलं. “मने, मागं पाहू नको. सरळ समोर पाहा.” बोलून गेल्यावर त्याला कळलं, हे शब्द कुणाचे आहेत. ज्या टोपीवाल्याला तो मनातल्या मनात इतके दिवस शिव्या देत होता, त्याचे.

पडद्यावर वाट रिकामी झाली.

बाहेरचे आवाज गेले. उंबऱ्याशी पाट घासला. तांब्यातून फुलपात्रात पाणी पडलं, आणि घोट वाजले, एक, दोन, मधे दम. मनकर्णाच्या अंगावर काटा आलेला त्याच्या हाताला लागत होता. मग तो आवाज आला. दोन वर्षं ज्याच्यासाठी त्यानं साऱ्या टेपा पालथ्या घातल्या, तो. थकलेला, जरासा अपराधी.

“चावी पिठाच्या डब्यामांगं ठेवली व्हती. तुमी पुसलं, अन् म्या सांगतलंच नाई.”

मनकर्णाची मान वळू लागली. वळणारच. आईचा आवाज ऐकून कुठली लेक समोर पाहत राहील? सुधाकररावानं तिचं डोकं आपल्या छातीशी दाबलं, एका हातानं तिचे डोळे घट्ट झाकले, आणि स्वतः मागं पाहिलं.